माकाची खोड

२८ जुलै, सोमवार

उद्यापासून सराव शिबिर. अमेरिकन फुटबॉलमधला माझा अकरावा हंगाम. सकाळी काट्यावर उभा राहिलो तर तीनशे चार पाउंड. कोच ब्रूनरना तीनशे बारा हवेत. लोक पोटासाठी काम करतात, मी कामासाठी पोट भरतो. सहा अंडी, लापशीत चार चमचे शेंगदाण्याचं लोणी, वर लिटरभर दूध. सगळं उभ्यानं खाल्लं. या भाड्याच्या घरातल्या खुर्च्या माझ्या मापाच्या नाहीत. माझी बायको ग्रेटा सोडून गेली त्याला तीन वर्षं झाली. ती असताना निदान खुर्च्या बऱ्या होत्या.

ही वही औषधाच्या दुकानातून आणली. कारण साधं आहे. एक गोष्ट कुणाला तरी सांगायला हवी आणि सांगण्यासारखं कुणी नाही. गेल्या ऑक्टोबरात मानेला मार बसला, तेव्हापासून डाव्या हाताची दोन बोटं बधिर आहेत. आता तिसरंही तसंच वाटतं. डॉक्टरला सांगितलं तर तो कागदावर 'मान' असा शब्द लिहील, आणि तो शब्द लिहिला की पुन्हा कोणी मैदानात उतरू देत नाही. करार याच हंगामापुरता आहे. मला हा हंगाम पुरा खेळायचा आहे. पुढचं पुढं. झाकली मूठ सव्वा लाखाची.

१४ ऑगस्ट, गुरुवार

आज कानठळ्या बसवणारा सराव. मैदानाभोवती मोठे कर्णे लावून गर्दीचा आवाज सोडतात, परगावच्या सामन्यांची तालीम म्हणून.

वहीला आमचं काम सांगून ठेवतो. ओळीत आम्ही पाच. मधला, म्हणजे सेंटर, माका, तो वाकून चेंडू दोन पायांमधून मागं देतो आणि डाव सुरू होतो. त्याच्या उजवीकडे मी. मागं उभा राहून तो चेंडू घेणाऱ्या आणि डाव चालवणाऱ्या क्वार्टरबॅकच्या अंगाला समोरच्या दांडगटांचा हात लागू द्यायचा नाही, एवढंच आमचं काम. चेंडू आमच्या वाट्याला जन्मात येत नाही, आणि आमचं नाव कर्ण्यावर पुकारतात ते फक्त काही चुकलं तर.

आपल्या गावी लोक गप्प बसतात, तेव्हा क्वार्टरबॅक ओरडून इशारा देतो. परगावी ते चालत नाही. मग मी मान वळवून मागं बघायचं. त्यानं पाय उचलला की डाव्या हातानं माकाच्या मांडीवर थाप मारायची. थाप लागली की मनात 'एक' म्हणून माका चेंडू देणार. सात वर्षं आमचं असंच चाललंय.

आज मात्र माका स्वतःच डोकं खाली घालून पायांमधून मागं बघत होता. प्रत्येक वेळी. मी विचारलं, "काय रे, माझ्यावर भरवसा नाही?"

"वयाची खोड आहे, म्हाताऱ्या," तो म्हणाला. "मला बघितल्याशिवाय बरं वाटत नाही."

त्याचं वय चौतीस, माझं तेहतीस. मला राग आला. गेल्या हंगामाच्या शेवटीही तो असं करायचा, हे तेव्हा आठवलं.

४ सप्टेंबर, गुरुवार

गुरुवारचं जेवण. पूर्वेकडच्या हंगेरियन खानावळीत ओळीतले पाचजण एकत्र जेवतो. क्वार्टरबॅकला येऊ देत नाही, त्याला बाकीचे सहा दिवस सगळं जग जेवायला बोलावतं.

माकाला तीन मुलं. जेवताना त्यानं माझी बशी ओढली आणि माझं मांस बारीक कापून परत ठेवली. "घरी रोज तिघांचं कापतो, हात थांबत नाही," म्हणाला. सगळे हसले. मीही हसलो, आणि खरं सांगायचं तर बरं वाटलं, कारण आज काटा डाव्या हातात नीट धरवत नव्हता. कधीकधी दैव असं आपोआप मदतीला येतं.

१४ सप्टेंबर, रविवार

परगावी, ओमाहाला खेळलो आणि जिंकलो. माझ्या समोरचा गडी नवखा होता. त्याला काही सुचू दिलं नाही. हाताची पकड कमी पडते तिथं खांद्यानं भागवतो.

माका दिवसभर मागं बघत होता. याचा तोटा असा की चेंडू देताना त्याचं डोकं खाली असतं. समोर बघायला अर्धा क्षण उशीर होतो, आणि आमच्या धंद्यात अर्धा क्षण म्हणजे फार. दोनदा त्याला समोरच्यानं उताणा पाडला. मी विमानात त्याला बोललो. तो "बघू" म्हणाला आणि टोपी डोळ्यांवर ओढून झोपला. म्हणजे मला तरी तो झोपलाय असं वाटलं.

१७ सप्टेंबर, बुधवार

कोच ब्रूनरना जाऊन सांगितलं. तक्रार म्हणून नाही, माकाच्या भल्यासाठी. म्हटलं, त्याला खोड लागलीय, माझ्या थापेची वाट बघत नाही, एक दिवस स्वतःला दुखापत करून घेईल. कोच म्हणाले, त्यांच्याही लक्षात आलं होतं. त्यांनी माकाला खोलीत बोलावून घेतलं.

तो बाहेर आला आणि माझ्या शेजारी बाकावर बसून बुटाची नाडी सोडायला लागला.

"तूच सांगितलंस ना?"

"हो. तुझ्यासाठीच."

त्यानं माझ्याकडे पाहिलं. मी हात मांडीवर ठेवले होते, तिकडेही पाहिलं. काहीतरी म्हणेल म्हणून मी थांबलो.

"बरं केलंस," एवढंच म्हणाला आणि अंघोळीला गेला. सात वर्षांत इतकं कोरडं कधी बोलला नव्हता. खरं बोललेलं माणसाला झोंबतं.

२८ सप्टेंबर, रविवार

घरच्या मैदानावर. गर्दी गप्प, क्वार्टरबॅकचा आवाज स्वच्छ. माका एकदाही मागं वळला नाही. मनात आणलं तर जमतं की!

वजन तीनशे आठ. चौथं बोट.

१२ ऑक्टोबर, रविवार

लिहवत नाही, तरी लिहितो.

टल्साला तिसऱ्या सत्रात माका पडला. आवाज इतका होता की माझा श्वास मला ऐकू येत नव्हता. मी मागं पाहिलं, पाय उचललेला दिसला, मी थाप मारली. त्यानं नुसतं समोर बघून चेंडू द्यायचा होता. पण त्याचं डोकं खालीच. समोरचा त्याच्या छातीत शिरला, तो मागं कलंडला आणि बाजूनं कुणीतरी त्याच्या गुडघ्यावर पडलं. एवढ्या आवाजातही तो गुडघ्याचा आवाज मला ऐकू आला.

गाडीवर घालून नेताना त्यानं माझा हात धरला. कुठला हात ते मला बघावं लागलं.

मी थाप वेळेवर मारली होती. देवाशपथ मारली होती.

१४ ऑक्टोबर, मंगळवार

इस्पितळात जाऊन आलो. गुडघ्याचे तीन बंध तुटलेत. चालेल, पण खेळणार नाही, असं डॉक्टर म्हणतात. माका गुंगीत होता. त्याची बायको लोसे बाहेर उभी होती. माकाच्या घरचे आले होते, थोरला भाऊ, चुलते, सगळे पॅसिफिकमधल्या टोंगा बेटांवरचे लोक, अगदी हळू आवाजात गाणी म्हणत होते. मला कुठं उभं राहावं कळेना.

लोसेला म्हटलं, "मी त्याला शंभरदा सांगितलं होतं गं, मागं बघू नकोस म्हणून."

ती माझ्याकडे बघत राहिली. मग म्हणाली, "तुझा हात कसा आहे, डेल?"

"हात? हात ठीक आहे."

"बरं," म्हणाली आणि आत जाऊन दार लावून घेतलं.

दमली असेल बिचारी. अशा वेळी माझ्या हाताची चौकशी करायचं तिला कसं सुचलं कोण जाणे. सामन्यात बोटांना पट्ट्या बांधतो, त्या दिसल्या असतील.

२३ ऑक्टोबर, गुरुवार

चारदा फोन केला. चारही वेळा लोसेनंच उचलला. माका झोपलाय, माका व्यायामाला गेलाय, माका झोपलाय, माका झोपलाय. निरोपाला उत्तर नाही. त्याचा माझ्यावर कसला राग आहे ते मला कळत नाही. खेळणं सुटलं की माणूस जुन्या सोबत्यांना टाळतो म्हणतात. तसंच असेल.

जेवायला आज जुने चौघंच, पाचवा नवा. त्याच्या जागी आलेला पोरगा, जोना प्रूइट, जॉर्जियाचा. वय तेवीस. मला 'सर' म्हणतो. माकाच्या खुर्चीत बसायला तयार नव्हता, उभाच राहिला. शेवटी मी ओरडलो तेव्हा बसला.

घरी आल्यावर पुन्हा जेवलो. वजन भरायचं असतं. दूरदर्शनवर सामन्यांची चर्चा लावून ठेवतो, घरात बोलण्याचा आवाज हवा म्हणून. ते कधी आमच्याबद्दल बोलत नाहीत. आज मात्र बोलले. माकाचं नाव घेऊन एक जुना खेळाडू म्हणाला, सेंटरनं मागं बघायची सवय लावून घेऊ नये, पाहा काय होतं ते. आणि तो तुकडा तीनदा दाखवला. मी बंद केलं.

२ नोव्हेंबर, रविवार

घरी जिंकलो. प्रूइट बरा आहे. मान ताठ, डोळे समोर. सांगितलेलं ऐकतो.

९ नोव्हेंबर, रविवार

पोर्टलंडला तीन गुणांनी हरलो. माझ्या आणि प्रूइटच्या मधल्या भानगडीमुळं.

पहिल्या सत्रात दोनदा असं झालं की आम्ही चौघं उठलो आणि चेंडू जागेवरच. दोन्ही वेळा दंड. आणि शेवटच्या मिनिटाला, गोलरेषा चार पावलांवर असताना, मी मागं पाहिलं, थाप मारली, आणि पोरगा वाकलेलाच. घड्याळ पळत होतं. मी पुन्हा मारली. तो हलेना. वेळ संपली.

कपडे बदलायच्या खोलीत सगळ्यांसमोर विचारलं, झोपला होतास का. तो म्हणाला, "सर, तुमचा हात मला लागलाच नाही."

चोराच्या उलट्या बोंबा. अकरा वर्षं मी या ओळीत उभा आहे. मी त्याला काय काय बोललो ते लिहीत नाही. आईवरून बोललो नाही, बाकी सगळं बोललो. तो खाली मान घालून ऐकत होता. शेवटी म्हणाला, "चुकलं सर." मी म्हटलं, ठीक आहे, पुन्हा नको व्हायला.

१० नोव्हेंबर, सोमवार

सोमवारी सगळी ओळ अंधाऱ्या खोलीत बसते आणि रविवारची फिल्म बघते. आमच्यासारख्यांना आरसा तोच.

एरवी चेंडू हलल्यानंतरचंच बघतो. कोण कुठं चुकला, कोणाचा पाय मागं राहिला. त्याआधीचा क्षण कोण बघतो? आज कोचनी तो बघितला. गोलरेषेपाशी चित्र थांबवलं. प्रूइट वाकलेला. मी मान वळवलेली. आणि माझा डावा हात त्याच्या मांडीपासून वीतभर अंतरावर, हवेत. कोचनी चित्र पुढं सरकवलं. हात खाली गेला, वर आला, खाली गेला. कुठंच लागला नाही.

"डेल हवेला थोपटतोय," मागून कोणीतरी म्हणालं. हसले.

"लक्ष कुठं होतं?" कोचनी विचारलं. मी हात मांडीखाली घेतला. ते म्हणाले, पुढच्या रविवारपासून डावीकडचा गडी थाप मारेल, तू आपला समोर बघ. आणि पुढचा डाव लावला.

प्रूइटनं माझ्याकडे पाहिलं नाही. दिवे लागल्यावर मी काहीतरी बोलायला हवं होतं. कालच्या त्या सगळ्या बोलण्याबद्दल. जमलं नाही.

११ नोव्हेंबर, मंगळवार

आज सुट्टी. इमारतीत चिटपाखरू नव्हतं. फिल्मच्या खोलीत जाऊन बसलो.

ओमाहाचा सामना लावला. एकेक डाव, चेंडू हलायच्या आधीचा क्षण. माझा हात कधी माकाच्या मांडीच्या मागं हवेत, कधी चेंडू गेल्यावर लागतोय. दरवेळी माकाचं डोकं खाली जातं, तो क्वार्टरबॅकचा पाय बघतो आणि चेंडू देतो. तो माझी वाट बघतच नव्हता, कारण वाट बघून उपयोग नव्हता.

मग गेल्या वर्षीचे लावले. मला मार बसला त्याच्या पुढच्या रविवारी परगावी होतो. पहिल्या डावात माका समोर बघतोय आणि चेंडू उशिरा निघतो. दुसऱ्या डावात पुन्हा उशिरा. डाव संपल्यावर तो माझ्या हाताकडे बघतोय. फिल्ममध्ये स्पष्ट दिसतं. तिसऱ्या डावापासून त्याचं डोकं खाली जायला लागतं. म्हणजे मी डॉक्टरला लपवलं, कोचला लपवलं, आणि ज्याच्यापासून लपवायचं मनातही नव्हतं त्याला दोन डावांत कळलं. वर्षभर तो काही बोलला नाही.

टल्साचा तो डाव एकदाच पाहिला. मी थाप मारली होती, तेवढं खरं. ती माझ्याच मांडीवरच्या गादीवर बसली होती.

१२ नोव्हेंबर, बुधवार

खरं लिहायचं म्हणून ही वही आणली, तर हेही लिहितो. आज मला हायसं वाटलं. थाप आता डावीकडचा मारणार. मला कोणी काही विचारत नाही. सगळे म्हणतात, एकदा लक्ष गेलं, होतं असं. सात सामने उरलेत. खांद्यानं भागवता येईल. माकाचा गुडघा काही परत येत नाही. मी डॉक्टरकडे गेलो काय नि न गेलो काय.

दुपारी पोटभर जेवलो. तीनशे बारा भरले, पहिल्यांदाच.

१३ नोव्हेंबर, गुरुवार

हंगेरियन खानावळ. प्रूइट माझ्या शेजारी. जेवण उरकत आलं तसा तो हळूच म्हणाला, "सर, एक विचारू? मी माकांच्या जुन्या फिल्म बघतोय, शिकायला म्हणून. ते स्वतःच मागं बघायचे. मीपण तसं करू का? म्हणजे डावीकडच्याची थाप चुकली तरी अडणार नाही. आणि तुम्हाला परत ते काम मिळालं तरी."

मी विचारलं, माकाचं काय झालं ते पाहिलंस ना.

"पाहिलं सर. पण तुम्हाला त्यानं बरं पडत असेल तर मी करीन. माझी मान लवचिक आहे."

त्याला रविवारी मी इतकं बोललो होतो. त्याच्या मनात त्याचं काहीच नाही. त्याला वाटतंय, मी त्याच्यावर खूश व्हावं.

मी म्हटलं, "नाही करायचं. कळलं? कुणासाठीही नाही." जरा जोरात म्हणालो. सगळे बघायला लागले. रविवारी चूक तुझी नव्हती, माझी होती, हेही त्याला सांगितलं. तो घाईघाईनं पाणी प्यायला.

१४ नोव्हेंबर, शुक्रवार

सकाळी आठला डॉक्टरच्या दारात उभा होतो. सगळं सांगितलं, गेल्या ऑक्टोबरपासूनचं.

ते म्हणाले, डोळे मिटा, हात टेबलावर ठेवा, मी ज्या बोटाला हात लावीन त्याचं नाव सांगा. मी डोळे मिटून बसलो. बराच वेळ झाला. म्हटलं, लावा की डॉक्टर.

"पाचही लावून झाली," ते म्हणाले.

मग मानेची छायाचित्रं. आणखी एक जोराचा दणका बसला असता तर पायही गेले असते, असं त्यांनी अगदी शांतपणे सांगितलं. दुपारी कोच ब्रूनर आले, वरचे साहेब आले. कागदावर सह्या झाल्या. कोच म्हणाले, इतके दिवस कसं लपवलंस रे. मी म्हटलं, हाताला पट्ट्या बांधत होतो. ते म्हणाले, गाढवा. पण आवाजात राग नव्हता.

कपाट रिकामं केलं. अकरा वर्षांचं सामान दोन खोक्यांत मावलं. रात्री जेवावंसं वाटलं नाही, आणि आता खायलाच हवं असंही काही राहिलं नव्हतं, म्हणून जेवलो नाही.

१६ नोव्हेंबर, रविवार

आमचे लोक परगावी खेळत होते. मी माकाकडे गेलो. फोन न करता. फोन केला असता तर तो झोपलेला असता.

लोसेनं दार उघडलं. मी तिला म्हटलं, डॉक्टरला सांगून आलोय, संपलं माझं. ती बाजूला झाली.

माका मोठ्या खुर्चीत होता, पाय उशीवर. मुलं खालच्या मजल्यावर दंगा करत होती. बारीक झालाय. मी उभ्याउभ्याच सगळं बोललो. थाप कुठं बसली होती ते सांगितलं. कोचकडे मीच गेलो होतो ते त्याला माहीत होतं, तरी पुन्हा सांगितलं. माफ कर म्हणालो.

मग माका म्हणाला, "गुडघ्याचं सोड. गुडघा माझा होता, कुठं घालायचा ते मी ठरवलं. कुणी जबरदस्ती केली नव्हती."

"मग माझ्याशी बोलत का नव्हतास?"

"तू मला तरी सांगायचंस, डेल. वर्षभर शेजारी वाकून उभा होतो. रोज वाटायचं, आज सांगेल. विमानात सांगेल, जेवताना सांगेल. मी तुझं मांस कापून दिलं रे लहान मुलासारखं, तरी तू सांगितलं नाहीस."

"तू विचारायचंस."

"विचारलं असतं तर तू नाही म्हणाला असतास. आणि तू माझ्या तोंडावर खोटं बोललास की मग मला तुझ्या शेजारी उभं राहता आलं नसतं."

लोसे स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. तीच म्हणाली, "डॉक्टरला हाताचं सांगितलंस. कोचला हाताचं सांगितलंस. याचं काय सांगितलंस? ते लोक अजून टीव्हीवर म्हणतात, वाईट खोड होती म्हणून पडला. माझ्या मुलाला शाळेत पोरं मागं वाकून दाखवतात."

"लोसे, पुरे," माका म्हणाला.

"पुरे नाही," ती म्हणाली.

ती बरोबर होती. मी हाताचं सगळं सांगितलं, पण माकाचं नाव माझ्या तोंडून एकदाही निघालं नव्हतं. मुद्दाम लपवलं असं नाही. सुचलंच नाही. हे लिहायला लाज वाटते.

मी निघालो तेव्हा माकानं दूरदर्शनचा आवाज वाढवला. आमचे लोक हरत होते.

१७ नोव्हेंबर, सोमवार

इमारतीत शिरायचं कार्ड शुक्रवारी परत केलं होतं. दारावरच्या माणसानं ओळखीनं सोडलं.

ओळ फिल्मच्या खोलीत बसली होती. कोचना म्हटलं, पाच मिनिटं द्या. टल्साचा तो डाव लावला. माझा हात कुठं बसला तिथं चित्र थांबवलं. मग गेल्या ऑक्टोबरचे तीन डाव लागोपाठ. पहिला, दुसरा, तिसरा. जास्त काही बोललो नाही. म्हटलं, माकाला मागं बघायची खोड नव्हती. तो माझं काम करत होता, आणि कुणाला कळू न देता करत होता. मी त्यालाच नावं ठेवत होतो, आणि तुम्हीही, कारण मीच तुम्हाला तसं सांगितलं.

प्रूइट पडद्याकडे बघत होता.

कोचनी दिवा लावला. खुर्चीत मागं टेकले. डोळे चोळले.

"सप्टेंबरात तू येऊन गेलास ना," ते म्हणाले, "तेव्हा मी त्याला बोलावलं आणि झापलं. सरळ सांगितलं, ही खोड सोड, नाहीतर बाहेर बसवतो. तो म्हणाला, कोच, बसवायचं तर मला बसवा. डेलचं काही चुकत नाही, डेलला हात लावू नका. मी मनात म्हटलं, याला याच्याबद्दल विचारतोय, हा डेलचं नाव कशाला घेतोय."

त्यांनी रविवारची फिल्म लावली आणि दिवा घालवला. माझी नेहमीची खुर्ची रिकामी होती. मी तिच्यावर बसलो नाही.

बाहेर आलो. गावालगतच्या तळ्यावरचा वारा सुटला होता. गाडीत बसून फोन काढला. हे सांगावं असा एकच माणूस होता, आणि ते त्याला वर्षभर आधीपासून माहीत होतं.